बसलेला हात

रविवारी दुपारी मी ब्लाउजला हूक लावत बसले होते आणि शेजारी माझी लेक मृण्मयी कॉम्प्युटरवर तिचा राजा-राक्षसांचा गेम खेळत होती. लढाई मात्र कुठे दिसेना. तिची लोहारीण भट्टीपुढे उभी राहून एकामागून एक सुऱ्याच बनवत होती, सगळ्या एकसारख्या.

"इतक्या सुऱ्या कशाला गं?"

"सुऱ्या नकोच आहेत आई. सुरीला लोखंड कमी लागतं. भराभर बनवल्या की लोहारकामाची लेव्हल वाढते, मग चांगलं चिलखत करता येतं."

मला हसू आलं. शिवण शिकवणाऱ्या मावशींनी मला चार महिने ब्लाउजच्या कापडाला हात लावू दिला नव्हता. चिंध्यांवर नुसती काजं करायची. "मला काजं नकोत, तुझा हात बसायला हवा," म्हणायच्या. माझं पहिलं काज इतकं तिरकं होतं की बटण आत जाईना. मृण्मयीची पहिली सुरी मात्र शेवटच्या सुरीइतकीच सरळ होती.

हल्ली माझा अंगठा दुखतो, टाका सरकतो. एकदा बसलेला हात असा हळूहळू उठायलाही लागतो, हे मावशींनी सांगितलं नव्हतं.

"ही लेव्हल कधी कमी होते का गं?" मी विचारलं.

"छे! एकदा वाढली की वाढली."

"बरं आहे," म्हटलं आणि तिसऱ्यांदा सुई ओवायला घेतली.