लाल पुस्तक, पान त्रेचाळीस

किस्से कोणी मुद्दाम जमवत नाही. स्वयंपाकघरात प्लास्टिकच्या पिशव्या साचतात तसे ते साचतात, आणि एक दिवस कपाट उघडलं की अंगावर येतात. माझ्याकडचे सगळे एकाच कपाटातले आहेत.

बंगळुरातल्या राजाजीनगरात एका मराठी मंडळाचा हॉल आहे, त्याच्या वर एक छोटी खोली. तिथे दर रविवारी सकाळी साडेदहाला आमचा वाचनाचा ग्रुप भरतो. विषय राज्यशास्त्र, सार्वजनिक चर्चा आणि शासन. सभासद अकरा, पंखा एक.

खोलीत शिंदे अण्णांचं काचेचं कपाट आहे. अण्णांचं घराणं बंगळुरात कितीतरी पिढ्यांपासूनचं. त्यांचं सगळं आयुष्य चिकपेटेत साड्यांच्या होलसेल दुकानात गेलं. दुकान बंद केलं तेव्हा ते शोकेस तेवढं घेऊन आले, साड्यांच्या जागी पुस्तकं लावली आणि हा ग्रुप सुरू केला. घरी कपाटाला जागा नाही आणि राज्यशास्त्राला गिऱ्हाईक नाही. रविवार काढून घेतला तर अण्णांच्या आठवड्यात काही उरत नाही, हे आम्हाला सगळ्यांना माहीत होतं.

आणि नेमकी ती खोली झुंबा क्लासला हवी होती! हॉलचे सेक्रेटरी महिन्यातून एकदा दारातून डोकं आत घालायचे आणि विचारायचे, "किती पानं झाली?" आम्ही पुस्तकात डोकं खुपसायचो. कारण पानं काही होत नव्हती.

*

कपाटावर 'शिफारस केलेली पुस्तके' अशी यादी चिकटवलेली आहे. बारा पुस्तकं. नावं लांबलचक, कोणाच्या लक्षात राहत नाहीत, म्हणून आम्ही त्यांना लाल, निळं, बारीक टाइपाचं आणि वाळवीचं असं म्हणतो.

अण्णांची शिफारस करायची पद्धत दुकानातलीच. ते पुस्तक मधोमध उघडतात, एक पान अंगठा आणि बोटात धरून चोळतात, उजेडात धरतात आणि निकाल देतात. "माल चांगला आहे. आटणार नाही."

यादीतली उरलेली नावं कुलकर्णी सरांची. सर विजापूरचे, विमा कंपनीतून रिटायर झालेले. नियम म्हटला की त्यांच्या चेहऱ्यावर तेज येतं. मी एकदा भाबडेपणानं विचारलं, "सर, ही सगळी तुम्ही वाचलीत?"

सर माझ्याकडे दयेनं पाहत म्हणाले, "वाचलेलं पुस्तक काय, कोणीही सुचवेल! न वाचता सुचवायला अभ्यास लागतो."

सुरुवात लाल पुस्तकानं झाली. तीन वर्षांत आम्ही पान त्रेचाळीसपर्यंत आलो. नवा सभासद आला की पुन्हा पहिल्या पानापासून वाचायचं, असा सरांचा नियम होता. त्यामुळे नवं माणूस जिन्यात दिसलं की आमचा जीव खालीवर व्हायचा.

*

आमच्यातले निम्मे लोक बेळगाव-निपाणीकडचे. मी स्वतः निपाणीचा. कोणी चुकून सीमेचा विषय काढला की दोन तास गेलेच म्हणून समजा. म्हणून अण्णांनी पाटी लावली होती. पाटी पुसट झाली, तेव्हा त्यांनी ती एका शनिवारी ठळक अक्षरांत नव्यानं रंगवून घेतली. 'येथे सीमा प्रश्न काढू नये.'

आदल्याच रविवारी पुण्याहून बदली होऊन आलेल्या एका बाई ग्रुपमध्ये आल्या होत्या. आयटी कंपनीत एचआरमध्ये मोठ्या पदावर. नाव सीमाताई!

पहिल्या दिवशी त्यांनी तीन प्रश्न विचारले होते. दुसऱ्या रविवारी आल्या आणि पाटीसमोर थबकल्या. पाटीचा रंग अजून ओला होता.

"अण्णा, मी टोटल तीन प्रश्न काढले. तीन! आणि त्यावर डायरेक्ट पाटी? तीसुद्धा नावानिशी?"

"अय्यो, ते तुम्हाला नाही हो अम्मा!"

"मग इथे दुसरी सीमा कोण आहे?"

त्यांची समजूत घालण्यासाठी सीमाप्रश्न म्हणजे काय हे सांगणं भाग होतं. मी सुरुवात केली, सरांनी मला दुरुस्त केलं, सरांना मागच्या रांगेनं दुरुस्त केलं. साडेबारा वाजले!

पुढच्या रविवारी पाटीवर खाली एक ओळ वाढली होती. 'सीमाताईंनी काढावेत.'

*

सीमाताईंसाठी पुन्हा पहिल्या पानापासून वाचत त्रेचाळीसवर आलो, तोच लाल पुस्तकाची शिवण सुटली. अण्णांनी ते इथल्या शिवाजीनगरच्या एका बाइंडरकडे दिलं. पुस्तक झकास पुठ्ठा घालून परत आलं आणि आम्ही चव्वेचाळीसाव्या पानावर पोहोचलो. खोलीत टाळ्या वाजल्या. त्या दिवशी वाचायची पाळी माझी होती.

मी वाचलं, "दुर्बलांना वेळीच ओळखून वेगळ्या खुराड्यात ठेवावे."

सीमाताई ताडकन उभ्या राहिल्या. "एक्सक्यूज मी! हे राज्यशास्त्र आहे की हुकूमशाही?"

"शब्दशः घेऊ नका," कुलकर्णी सर म्हणाले. "खुराडं हे रूपक आहे. लेखकाला संरक्षण अभिप्रेत आहे."

"संरक्षण असेल तर वेगळं कशाला ठेवायचं?"

"राज्यसंस्थेचं कर्तव्यच आहे ते! पुढे वाचा म्हणजे स्पष्ट होईल."

मी पुढे वाचलं. "भांडखोरांची चोच किंचित कापावी."

"बघा!" सर म्हणाले. "अभिव्यक्तीवर वाजवी बंधनं!"

अर्धा तास जुंपली. खोलीत चोचवादी आणि चोचविरोधी असे दोन पक्ष पडले. मी मध्येच तिसरं वाक्य वाचलं. "आठवड्यातून एकदा पंखांखाली राख चोळावी."

रूपक शोधत सरांनी छताकडे पाहिलं.

मागच्या खुर्चीवरून अण्णांच्या बायकोचा, सरोजाक्कांचा आवाज आला. "कोंबडी आहे हो ती. माझ्या भावाचं कुक्कुटपालनाचं पुस्तक पण त्याच बाइंडरकडे दिलेलं."

आम्ही पुन्हा त्रेचाळीसवर आलो. आमची चव्वेचाळीसपासूनची पानं अक्कांच्या भावाकडे निघाली. त्यानं ती वाचून काढली होती आणि त्याला त्यातलं काहीही खटकलं नव्हतं.

*

सरोजाक्का सभासद नव्हत्या. त्या अण्णांबरोबर यायच्या, मागे बसून अवरेकाईच्या शेंगा सोलायच्या आणि अकरा वाजता बाहेरच्या शेगडीवर दोन भांडी चढवायच्या. एकात चहा, एकात कॉफी. चहा की कॉफी यावर ग्रुपचा ठराव तीन वर्षं प्रलंबित होता.

एका रविवारी विषय होता 'नागरिक कोण?'. सीमाताईंनी प्रश्न काढला. "सरोजाक्का दर रविवारी इथे असतात. मग त्या सभासद का नाहीत?"

"फॉर्म भरलेला नाही," सर म्हणाले. "शास्त्रानुसार त्या नागरिक नाहीत. निवासी म्हणता येईल."

अक्का शेंगा सोलत राहिल्या.

पुढच्या रविवारी अकरा वाजले, सव्वाअकरा वाजले. शेगडी थंडच. कॉफी चुकली की सरांचं डोकं उठतं. साडेअकराला त्यांनी कपाळ दाबत मागे वळून विचारलं, "अक्का, आज कॉफी...?"

"मी निवासी," अक्का म्हणाल्या. "कॉफी सभासदांनी करावी."

दोन मिनिटांत फॉर्म आला. सरांनी स्वतःचं पेन दिलं. 'राज्यशास्त्रातील वाचन' या रकान्यात अक्कांनी लिहिलं, 'तीन वर्षे ऐकले. साकु.' साकु म्हणजे कन्नडमध्ये पुरे. अर्ज मंजूर झाला आणि आम्ही बारा झालो. नव्या सभासदासाठी लाल पुस्तक पहिल्या पानापासून वाचायचं का, असं कोणीतरी विचारलं. अक्कांनी नुसतं पाहिलं. नियम त्या दिवशी रद्द झाला.

*

हॉलच्या सेक्रेटरींवर छाप पाडायची म्हणून अण्णांनी खास कार्यक्रम ठरवला. व्हॉट्सॲपवर मेसेज टाकला. 'पुढचा रविवार: प्रपंचातली लोकशाही. वक्त्या सीमाताई.'

आता अण्णांच्या घरातल्या मराठीत अर्धी कन्नड मिसळलेली. कन्नडमध्ये प्रपंच म्हणजे जग. अण्णांना हव्या होत्या जगभरच्या लोकशाह्या. सीमाताई पुण्याच्या. त्यांच्या मराठीत प्रपंच म्हणजे घरसंसार!

खोली भरली. सेक्रेटरी सपत्नीक आले, पहिल्या रांगेत बसले. ताईंनी स्लाइड लावली. 'भाजी कोण ठरवतं?' दुसरी स्लाइड, 'टीव्हीचा रिमोट: सत्तेचं केंद्रीकरण'. तिसरी, 'सासूबाई: वरिष्ठ सभागृह'.

अण्णा वीस मिनिटं वाट पाहत होते. शेवटी हळूच म्हणाले, "ताई, देश कधी येणार?"

"अण्णा, आधी घर तर होऊ दे!"

बायका माना डोलवत होत्या, पुरुष मोबाइल तपासत होते. शेवटी प्रश्नोत्तरं. सेक्रेटरींच्या बायकोनं हात वर केला. त्यांनी विचारलं, "घरातलं सरकार पंचवीस वर्षं काहीच काम करत नसेल, तर राष्ट्रपती राजवट लावता येते का?"

टाळ्या थांबेनात. सेक्रेटरी लाल होऊन "अर्जंट कॉल आहे" असं म्हणत जिना उतरले. फोन त्यांच्या खुर्चीवरच राहिला होता.

*

दोन दिवसांत त्यांचं पत्र आलं. खोली वापरणाऱ्या प्रत्येक गटाला निवडून आलेला अध्यक्ष असला पाहिजे. रविवारी दुपारी बारापर्यंत निवडीचं पत्र द्यावं, नाहीतर त्याच दुपारपासून खोली झुंबाला.

अण्णांनी पत्र दोनदा वाचलं, घडी घातली आणि कपाटाची काच पुसायला लागले. काच स्वच्छच होती. मला फार वाईट वाटलं. लाल पुस्तकाचं पुढचं पान मला कधीच नको होतं, पण ते कपाट तिथे हवं होतं.

रविवारी अण्णा आणि कुलकर्णी सर असे दोन उमेदवार उभे राहिले. सरांनी गुप्त मतदानाचा आग्रह धरला. अक्कांचा लाडवाचा डबा मतपेटी झाला. बारा कोरे कागद वाटले. अण्णांनी उभं राहून सूचना दिली, "प्रत्येकानं आपापलं मत स्पष्ट लिहून डब्यात टाकायचं. कोणाला दाखवायचं नाही."

चूक इथे झाली. तीन वर्षं दर रविवारी आम्हाला एकच सांगितलं गेलं होतं, आपलं मत मांडा!

पावणेबाराला डबा उघडला. सीमाताई मोठ्यानं वाचायला लागल्या.

"'माझ्या मते आणखी एक पंखा हवा.'"

"पुढचा," सर म्हणाले.

"'चहाच हवा.' पुढचा, 'कॉफीच हवी.' हा, 'दोन्ही उमेदवार सज्जन आहेत.'" हा माझा होता. मी खाली पाहिलं.

"'अध्यक्षांचे अधिकार एक्झॅक्टली काय?'" असं वाचून ताई थांबल्या. "सॉरी, हा माझाच."

एक कागद दोन्ही बाजूंनी, समासातसुद्धा भरला होता. कोपऱ्यात लिहिलं होतं, 'अपूर्ण'. सरांनी तो काढून घेतला. दुसऱ्या एकावर होतं, 'दोन्ही माल चांगला. आटणार नाही.' तो कोणाचा हे विचारायची गरज पडली नाही.

अकरा कागद झाले, नाव एकावरही नाही! बाराला पाच कमी. खालून झुंबावाल्यांचा स्पीकर जिन्यातून वर चढवल्याचा आवाज यायला लागला. अण्णा कपाटाजवळ जाऊन उभे राहिले.

ताईंनी शेवटचा कागद उलगडला. त्यावर वरच्या ओळीत गोल अक्षरांत लिहिलं होतं, 'सरोजा शिंदे'. खाली कोरं.

सगळे मागे वळले. अक्का पदरानं हात पुसत होत्या.

"कागद दिला की आधी वर नाव लिहायचं, असं शाळेत शिकवलंय," त्या म्हणाल्या. "मत खाली लिहिणार, तर चहा उतू आला. तसाच टाकला."

कुलकर्णी सर उठले. चष्मा काढला, पुसला, पुन्हा घातला. "बारा कागद. अकरा बाद. वैध मत एक," त्यांनी जाहीर केलं. मग ताईंपुढे एक कोरा कागद सरकवून म्हणाले, "घ्या लिहून."

दारात सेक्रेटरी आले तेव्हा घड्याळात बारा वाजायला एक मिनिट होतं. अण्णांनी पत्र त्यांच्या हातात दिलं. त्यांनी मोठ्यानं वाचलं, "'सौ. सरोजा शिंदे यांची आमच्या अध्यक्षपदी एकमताने निवड झाली आहे.'"

त्यांनी पत्र खाली केलं. आमच्याकडे पाहिलं, चहाच्या भांड्याकडे पाहिलं, कॉफीच्या भांड्याकडे पाहिलं.

"एकमताने? तुम्ही लोक?"

अण्णांनी लाडवाचा डबा त्यांच्यापुढे धरला. "स्वल्पसुद्धा खोटं नाही साहेब. पाहिजे तर मोजून घ्या!"