घर खरं वाटत नाही

“घर खरं वाटत नाही,” दिग्दर्शक म्हणाला. माझ्या आईच्या घरात, बूट घालून उभा होता.

देवणीजवळचं आमचं गाव. आई अंगणवाडीत मदतनीस. तिनं बांधलेल्या दोन खोल्या, ओट्याला पांढऱ्या फरश्या, भिंतीला खाली निळा ऑइलपेंट, वर चुना. शूटिंग म्हणून तिनं परवाच नवा हात मारून घेतला होता. सिनेमा आमच्यासारख्या मायलेकींचा. लेकीचं काम माझं. नांदेड-लातुरात प्रायोगिक नाटकं करत बारा वर्षं घासली, तेव्हा मिळालेलं पहिलं मोठं काम. घर मीच सुचवलं होतं.

“तुम्हा लोकांची घरं अशी कुठं असतात?” तो हसला. “जरा काळं करू या.”

मी भाव करणारी बाई. वेगळी खोली, पोस्टरवर नाव, सगळं भांडून घेतलेलं. त्या दिवशी तोंड उघडलं नाही. काम जाईल म्हणून. उलट काजळीचा डबा मीच उचलला. त्याची सेटवरची पोरं नुसती फासत होती. मी म्हटलं, चुलीचा धूर असा नसतो, खालून निमुळता वर चढतो. आणि काढून दाखवला. पार चुन्यापर्यंत.

“काय करायलीस, बाई?” आई म्हणाली. “परवाच रंगवलंय की.”

“गप बस, आई. तुला यातलं कळत न्हाई.”

तिनं खाली सांडलेली काजळी पुसायला घेतली.

मग दिग्दर्शकाला शॉटमध्ये मागं बसलेली एक म्हातारी हवी होती. आईच्या हातात फाटकं लुगडं दिलं. ती नेसून, चपला काढून बाहेर आली. त्याच्याकडं नाही, माझ्याकडं बघितलं.

“असं चालंल का? का अजून थोडं फाडू?”

पोरं हसली. मीपण हसले. आईनंही हसायचा प्रयत्न केला. तिचं ते तोंड बघितलं आणि मी काजळीचा डबा खाली ठेवला.

“आई, आत जा. तुझी साडी नेस.” मग त्याला म्हटलं, “सर, आई तिच्याच साडीत बसेल. भिंत मी धुणार. तसं घ्यायचं तर घ्या.”

“आता तू मला सिनेमा शिकवणार?”

“सिनेमा तुमचा. घर आमचं हाय.”

त्यांनी सामान गाडीत भरलं. काम दुसरीला गेलं, शूटिंग दुसऱ्या घरात झालं. सिनेमाला बक्षिसं मिळाली. लोक म्हणाले, किती खरं घर दाखवलंय.

आम्ही दोघींनी भिंत घासली. ऑइलपेंटवरची काजळी निघाली. चुन्यावरची नाही निघाली, मी धूर चढवलेली. आई त्यावर आजवर एक शब्द बोललेली नाही. शिव्या दिल्या असत्या तर सोपं गेलं असतं.

आता कुणी काम घेऊन आलं की पैशाचं शेवटी बोलते. आधी विचारते, मी करायची ती बाई राहते कशा घरात, नेसते काय, आणि हे ठरवलं कुणी. मला विचारून ठरवणार असाल तर बसा. नसाल तर दार उघडं आहे. काळं फासायला माझा हात परत मिळणार नाही.