मोटरवरची शाल

आमच्या भाऊजींनी, म्हणजे थोरल्या बहिणीच्या यजमानांनी, उभ्या जन्मात कधीही धोक्याची घंटी आधी बंद करून मग बिघाड शोधला नाही. खामगावजवळच्या एका जिनिंग फॅक्टरीत ते वायरमन होते. पॅनेलवरचा लाल दिवा लागून घंटी ठणाणा करू लागली की बाकीचे सैरावैरा पळत. भाऊजी लग्नघरी निघाल्यासारखे संथ येत आणि पॅनेलवर तळहात ठेवून डोळे मिटून उभे राहत. कोणी वायर काढायला गेला की म्हणत, "बोंबलू दे बे तिले. तिचं आयकून तं घे." घरीही तेच. तान्ही भाची रडू लागली की खुळखुळ्याला बंदी. आधी झबल्यातली मुंगी शोधायची. मुंगी सापडायचीही, हे विशेष.

एका दसऱ्याला त्यांनी थेट मालकाशी, शेटजींशीच वाकडं घेतलं. हंगामाचा मुहूर्त होता, यंत्रांची पूजा झालेली, आवारात कापसाच्या गाड्या खोळंबलेल्या. मी प्रसादाच्या आशेने गेलेलो. यंत्र सुरू झालं, जरा वेळाने घंटी कोकलली आणि मोटर बंद पडली. शेटजींचा चेहरा उतरला.

"मिस्त्री, घंटीचा वायर काढा न मोटर डायरेक्ट चालू करा. मुहूर्त चालला."

भाऊजी पॅनेलला पाठ लावून उभे राहिले. "उद्यापासून मले कामावर ठेवू नका, शेटजी. पण वायर मी काढत नाही. आतमंधी कापूस भरून हाये, आग लागन."

बहिणीचा सगळा संसार त्या पगारावर होता.

मग भाऊजींचा हात पॅनेलवरून वायरच्या मागोमाग निघाला आणि भिंतीवरून मोटरपाशी जाऊन थांबला. मोटरच्या अंगावर जरीची शाल होती. पूजेत शेटजींनी स्वतःच्या हाताने मानाने पांघरलेली. हवेची जाळी तिने पार झाकून टाकली होती, आणि शालीचा काठ करपू लागला होता.

"तिले श्वास तं घेऊ द्या, शेटजी," भाऊजी म्हणाले. शेटजींनी शाल उचलली, झटकली आणि भाऊजींच्या खांद्यावर घातली.

तो तळहात मला देवाचाच वाटायचा, अजूनही वाटतो. बहिणीने फार उशिरा सांगितलं, की यंत्रांच्या धडधडाटात भाऊजींचे कान केव्हाच गेले होते. माणसं बोलली की ते ओठ बघत, आणि घंटी हाताने ऐकत. नोकरी जाईल म्हणून दोघांनी ते कुणाला कळू दिलं नव्हतं.

आता ते घरीच असतात. खांद्यावर करपल्या काठाची तीच शाल असते. बहीण त्यांना हाक मारत नाही, बाजेच्या लाकडावर हळूच थोपटते. भाऊजी तिथे तळहात ठेवतात आणि विचारतात, "काय झालं वं? कुठं दुखते तुले?"