वरून टाका

कुंकू वरून पडलं. आईच्या उघड्या तळहातावर. निम्मं हातात, निम्मं उंबऱ्यावर.

बोट कपाळापर्यंत आलं होतं. मी बघितलं. मी तिसरीत होते, आईचा पदर धरून उभी. खंडेराव गेटजवळचं घर, संक्रांतीचं हळदीकुंकू, आत झाशीतल्या मराठी बायका बसलेल्या. घरच्या काकूंनी कोयरीत बोट बुडवलं, हसत हसत आईच्या कपाळाकडे नेलं आणि मध्येच विचारलं, "आडनाव काय म्हणालात?"

आई काही म्हणालीच नव्हती. आता सांगितलं.

काकूंनी बोट कोयरीच्या काठाला पुसलं. म्हणाल्या, "हात पुढे करा." आणि चिमूट वरून सोडली. वाणाची वाटी उंबऱ्यावर ठेवली. "घ्या उचलून."

आमच्या आडनावावरून झाशीतल्या हिंदीवाल्यांना काही कळत नाही. जात कळते ती मराठी माणसाला. बाबा भुसावळहून बदली होऊन इथल्या रेल्वे वर्कशॉपात खलाशी, म्हणजे मदतनीस मजूर, म्हणून आले, आणि आई मराठीला आसुसली. बड्या बाजारात तीळ घेताना काकूंनी तिचं बोलणं ऐकलं. "अगंबाई, तुम्ही तर आपल्यातल्या! संक्रांतीला जरूर या." आई त्या एका शब्दाला भुलली. आपल्यातल्या. तिला वाटलं, भाषा एक म्हणजे माणसं एक. ठेवणीतलं लुगडं नेसून गेली बिचारी.

वाटी तिनं उचलली. याचा मला आजही राग येतो. घरी येऊन नळाखाली हात चोळचोळून धुतला. तळहात लाल तो लालच. रडली नाही. पण त्यानंतर आई बड्या बाजारात मराठी बोलली नाही. मोडक्यातोडक्या हिंदीत "भैया, धनिया दे दो" म्हणायची. मी ती वाटी नाल्यात फेकून दिली.

मी लष्करात नर्स झाले. लोकांना वाटतं सेवाभाव, दयेचं काम, हसरी सिस्टर. खोटं आहे. मी सुडानं गेले. मला असं काम हवं होतं, जिथं माझ्या हाताला कुणी नको म्हणू शकणार नाही. पट्टी वरून टाकता येत नाही. भाजलेल्या पाठीवरचं कापड लांबून सोडवता येत नाही. मोठमोठ्या घरांतले अधिकारी माझ्या हातानं पाणी प्यायले, माझ्या खांद्यावर ओकले, शुद्धीवर येताना माझा हात घट्ट धरून बसले. काम मी चोख केलं. पण प्रत्येक वेळी मनात म्हटलं, धर. अजून घट्ट धर.

डोंगरात राहिले, वाळवंटात राहिले. चढत गेले. कर्नल झाले आणि पोस्टिंग आली झाशीची, सैनिकी रुग्णालयाची मुख्य मेट्रन म्हणून. आई तोवर गेली होती.

यंदा संक्रांतीच्या आधी आमंत्रण आलं. घर तेच. पत्रिकेवर माझं आडनाव, तेही ठळक अक्षरांत, आधी कर्नल लावून. आता ते चालत होतं!

मी वर्दीतच गेले. खांद्यावर अशोकस्तंभ, दोन तारे. छातीवर नावाची पट्टी. काकूंच्या सूनबाई दारात धावत आल्या. "आइए मॅडमजी! तुम्ही तर आपल्यातल्याच!"

तोच शब्द.

काकू खुर्चीत बसल्या होत्या. थकलेल्या, पण कोयरी त्यांच्याच हातात. बायकांनी फोटोसाठी मोबाइल वर धरले. काकूंनी बोट बुडवलं, माझ्या कपाळाकडे आणलं. मी मागे सरले. तळहात पुढे केला.

"वरून टाका."

"असं काय करतेस, बाई? कपाळाला लावते ना."

"माझ्या आईला वरून टाकलंत. याच दारात. बड्या बाजारात मराठी ऐकून बोलावलंत, आडनाव ऐकून बोट पुसलंत. आडनाव तेच आहे. वाचा."

काकूंनी पट्टी वाचली. मग माझ्या तोंडाकडे बघत राहिल्या. त्यांना आठवलं. मला दिसलं की आठवलं. मला बरं वाटलं. खोटं कशाला बोलू, फार बरं वाटलं.

सूनबाई मध्ये पडल्या. "जाने दीजिए ना मॅडमजी, पुरानी बात आहे. बुजुर्ग हैं. माफ करून टाका."

मी हात हलवला नाही. मोबाइल एकेक करून खाली गेले. शेवटी काकूंनी चिमूट उचलली. कुंकू पडलं, निम्मं माझ्या हातात, निम्मं त्यांच्याच लुगड्यावर.

मी मूठ मिटली. सूनबाईंनी वाणाची वाटी पुढे केली. तिला मी हात लावला नाही.

"माफी आईनं द्यायची होती," मी म्हणाले. "ती गेली. माझ्याकडे माफी नाही."

आणि बाहेर पडले. बड्या बाजारात गाडी थांबवली, तीळ मागितले, मराठीत. खणखणीत आवाजात. दुकानदार म्हणाला, "क्या बोलीं मॅडमजी?" मी पुन्हा मराठीतच सांगितलं. ऐकू दे सगळ्यांना.

पुढच्या संक्रांतीला त्यांनी बोलावलं तर जाईन. नाही बोलावलं तरी जाईन. वर्दीत. हात पुढे करून त्याच उंबऱ्यावर उभी राहीन.