ट्रे घेऊन येणारी बाई

"कामवाली तू कर. तुला ती भाषा वेगळी शिकवावी लागणार नाही."

मकरंददादा सगळ्यांसमोर म्हणाले. जर्मनीत, डार्मश्टाटमध्ये चर्चचा हॉल भाड्याने घेऊन आमच्या मराठी नाटकाची तालीम चालायची. दादा मोटारकंपनीत इंजिनियर, आमचे दिग्दर्शक. दहा-बारा माणसं होती. कोणी हसलं नाही. नुसत्या माना हलवल्या. बरोबरच आहे, अशा.

आदल्या रविवारपर्यंत मी नाटकात डॉक्टर होते. त्या दिवशी त्यांनी आडनाव विचारलं. मग गाव. मग मी म्हटलं, "आम्ही बौद्ध आहोत."

"अच्छा, अच्छा," ते म्हणाले होते.

मी कामवालीची पानं घेतली. वाचलीसुद्धा. काही वाटलं नाही. माझी आई अमरावतीत चार घरची धुणीभांडी करायची. 'व्हय बाईसाहेब' असं ती आयुष्यात कधी म्हणाली नाही. संहितेत पानोपानी तेच होतं.

मी फ्रान्सच्या जुन्या सिनेमावर पीएचडी करते. विषय एक नटी, फारशी कोणाला माहीत नसलेली. खाणकामगाराची मुलगी. दुसरं महायुद्ध संपल्यावर पॅरिसला आली, अभिनय शिकली. पहिल्या सिनेमात मोलकरीण झाली. दुसऱ्यातही. मग पंधरा वर्षं तेच. दार उघडायचं, पाहुण्याचा कोट घ्यायचा, ट्रे ठेवायचा, निघून जायचं. बोलण्यात खाणवस्तीचा हेल होता. तेवढा पुरला. पडद्यावर नाव बहुतेकदा नाहीच.

सोमवारी मी तिचा एक सिनेमा लावला. ती सूप वाढते. मालकीण तिच्याकडे न बघता बोलत राहते. तेवढाच तुकडा पुन्हा पुन्हा पाहिला. रडू येईल असं वाटलं. आलं नाही.

तिचं एक पत्र माझ्याकडे आहे. दिग्दर्शकाला लिहिलेलं. मोलकरणीचं काम नको, शाळामास्तरणीच्या भूमिकेसाठी माझी परीक्षा घ्या, एवढंच. उत्तर आल्याची नोंद नाही. त्यानंतर ती कुठल्याच सिनेमात दिसत नाही. माझ्या टिपणात मीच लिहिलं होतं, 'इथे कारकीर्द संपली.' ते खोडलं. 'इथे तिने नकार दिला' असं लिहिलं.

पुढच्या रविवारी संहिता दादांसमोर ठेवली.

"दादा, हे मी करणार नाही."

"अगं, भूमिका काही लहान-मोठी नसते."

"मग मीनलताईंना द्या."

मीनलताई त्यांची बायको. शेजारीच बसली होती.

"तिला नाही गं शोभणार," ते सहज बोलून गेले.

"मला कसं शोभतं?"

मीनलताई खाली बघत राहिली. दादांनी घड्याळ पाहिलं. "आल्झो, चला, सुरू करू या," म्हणाले.

मी कोट चढवला. कोणी थांबवलं नाही. तालमीचे मेसेज यायचे बंद झाले. नवा ग्रुप केला असणार. त्या नटीलाही पुन्हा कोणी बोलावलं नव्हतं. नकाराची किंमत मला आधीच माहीत होती.

मीनलताई कधी ट्राममध्ये भेटते. थंडीबद्दल बोलते. मी हो-नाही करते. रागही येत नाही.

आई फोनवर म्हणाली, "परक्या देशात आपली माणसं धरून राहावं, बाई."

मी सांगितलं, "आई, ही आपली नाहीत."

तिने विषय बदलला. तिला बरं वाटावं म्हणूनसुद्धा मी ते वाक्य मागे घेतलं नाही. घेणार नाही.