काळीचं दूध आणि कानबाईची खीर

गोठ्याचं ॲप पहिल्यांदा उघडलं तेव्हा त्याने गाईचं नाव विचारलं. मी 'काळी' असं टाकलं. मग जात, कितवं वेत, कानातल्या पिवळ्या बिल्ल्याचा नंबर, शेवटचं इंजेक्शन कधी दिलं, गाभण आहे की नाही. सासूबाई खांद्यावरून डोकावत होत्या. म्हणाल्या, "सोयरीक करी ऱ्हायनी का गायनी?"

मी नाशिकची. लग्न करून नामपूरजवळच्या या गावात आले आणि नवरा नेमका उलटा गेला. त्याला नाशिकला कंपनीत नोकरी लागली, इंदिरानगरात खोली मिळाली, आणि तो शनिवार-रविवारचा पाहुणा झाला. गोठा माझ्या गळ्यात पडला. पडला म्हणते खरी, पण मला तो आवडला. दोन संकरित गाई, त्यांचं वैरणपाणी, धारा, डेअरीत दूध घालणं, सगळं मी शिकले. ॲप मात्र नवऱ्याच्या नंबरवर उघडलेलं, त्यामुळे ते माझ्याही मोबाईलवर चालायचं आणि त्याच्याही. त्यात आमचं पुढे काय होणार आहे हे तेव्हा कुणाला ठाऊक?

गेल्या वर्षी श्रावणात काळीला दगडी झाली. कासेचा एक भाग टणक, हात लावू देईना, धारेत गुठळ्या. डॉक्टर आले, इंजेक्शन दिलं, सडात औषधाच्या ट्यूब सोडल्या आणि निघताना म्हणाले, "शेवटच्या ट्यूबनंतर मी सांगतो तितके दिवस हिचं दूध डेअरीत घालायचं नाही, घरातही कुणी प्यायचं नाही. उकळून औषध जात नाही." मी तिथेच नोंद केली. काळीच्या नावापुढे लाल ठिपका आला. शेवटच्या ट्यूबपासून दिवस मोजून ॲपच तो हिरवा करणार, तोपर्यंत दूध बंद.

दुसरी गाय आटलेली होती. म्हणजे घरात दूध येणार ते काळीचंच, आणि ते रोज दोन वेळा शेणाच्या खड्ड्यात ओतायचं. सासूबाई तेव्हा पाठ करून उभ्या राहायच्या. दूध जमिनीवर सांडलं तरी बोटाने पुसून कपाळाला लावणारी बाई ती. मला त्यांच्या जिवाचं कळत होतं. पण मी ओतत राहिले.

पंचाईत पुढे झाली. लाल ठिपक्याच्या दिवसांतच कानबाई आली.

आमच्याकडे कानबाई म्हणजे काय हे बाहेरच्याला सांगून कळायचं नाही. श्रावणातल्या रविवारी नारळाला नथ घालून देवी मांडायची, घरातल्या प्रत्येक पुरुषाच्या नावाने सव्वा मूठ गहू घ्यायचे, ते दळून रोट करायचे, आणि ते सगळ्या भाऊबंदांनी एका पंगतीत बसून खायचे. सोबत खीर. खिरीला दूध घरच्या गाईचं लागतं. माझ्या सासूबाईंच्या सासूनेही घरच्याच गाईचं वापरलं होतं, त्यामुळे विषय संपला.

मी म्हटलं, "आई, शेजारून आणू ना. त्यांची गाय आपल्याच दारातून चरायला जाते."

"कानबाईले इकतनं दूध नही चालत. घरनं पाहिजे."

"घरच्या दुधात औषध आहे."

"देवीना निवदले काय व्हस?"

देवीला काहीच होत नाही. मला देवीची काळजी नव्हतीच. मला माझ्या लेकीची होती.

लेक सात वर्षांची. त्याच्या दोन वर्षं आधी तिचा घसा सुजला म्हणून एक इंजेक्शन दिलं होतं आणि दवाखान्याच्या पायऱ्या उतरतानाच तिचा चेहरा फुगायला लागला. ओठ सुजले, डोळे मिटले, श्वास घेताना शिट्टी वाजायला लागली. त्या डॉक्टरांनी धावपळ करून तिला वाचवलं आणि बजावलं, या जातीचं औषध हिच्या अंगात आयुष्यात पुन्हा जाऊ देऊ नका. काळीच्या सडात सोडलेली ट्यूब त्याच जातीची होती. मी गाईच्या डॉक्टरांना दोनदा विचारून घेतलं होतं.

हे घरात सगळ्यांना माहीत होतं. तरी मला एकेक येऊन समजावत होते. चुलत सासरे म्हणाले, खिरीत असं कितीसं राहणार औषध? जाऊबाई म्हणाल्या, पोरीला तेवढी खीर नको देऊ, झालं. जसं काही पंगतीत पन्नास पोरं एकमेकांच्या ताटात हात घालत नाहीत! आणि प्रसाद नको म्हणायला कुठल्या सात वर्षांच्या पोरीला जमतं? मला तर त्यांच्या गव्हाच्या मुठींचाच राग यायला लागला. माझ्या लेकीच्या नावाने एक मूठ गहू पडत नाही, कारण ती मुलगी. पण खीर मात्र तिच्या पोटात जाणार आणि परत वर मीच नास्तिक.

"नासिकनी शानी," असं माझ्या पाठीमागे चाललं होतं. चालू दे म्हटलं.

शनिवारी सकाळी धार काढून मी गोठ्याबाहेर आले तर सासूबाई घासून लखलखीत केलेलं पातेलं घेऊन उभ्या. चेहऱ्यावर सणाचं हसू. त्यांना वाचता येत नाही, पण रंग कळतात. त्यांनी माझा मोबाईल पुढे केला. "देख, हिरवं व्हयी गयं. कानबाईनीच करं."

खरंच हिरवं झालं होतं. काळीच्या नावापुढे छान हिरवा ठिपका. क्षणभर मलाही वाटलं, माझीच मोजणी चुकली असेल. पण ट्यूब सोडताना काळीची शेपटी मी धरली होती. डॉक्टर पुन्हा आले तेव्हाही मीच धरली होती. मी नोंद उघडून पाहिली. शेवटच्या ट्यूबची तारीख मागे सरकली होती. कानबाई तारखा मागे सरकवत बसत नाही. हे काम इंदिरानगरातून झालं होतं.

मी लगेच फोन लावला.

"अहो, काळीची तारीख तुम्ही बदलली?"

तो म्हणाला, "अगं, आईचा रात्री फोन आला होता. रडत होती. म्हटलं एवढ्याने काय होतंय. एकदा हिरवं दिसलं की तूही ऐकशील, तीही खूश होईल."

मला असा संताप आला की बस. दुसऱ्या कुठल्या गावात कुणी दुधात पाणी घालत असेल, वजनात मारत असेल. माझ्या नवऱ्याने आईचं मन राखायला गाय मोबाईलमध्ये बरी केली होती. आणि ती तशी बरी होते असं त्याला मनापासून वाटलं होतं!

"ठिपका हिरवा केल्याने कासेतलं औषध जातं का?" मी ओरडलेच. "पोरीला उचलून दवाखान्यात परत कोण पळालं होतं? तुम्हीच ना? तिची शिट्टी विसरलात?"

आणि मी फोन ठेवला.

सासूबाई पातेलं धरून उभ्याच होत्या. बादली माझ्या हातात होती. मी म्हटलं, "आई, हे तुमच्या लेकाने केलंय, देवीने नाही." आणि त्यांच्यासमोर, जावेसमोर, फुलं घेऊन आलेल्या चुलत सासऱ्यांसमोर मी बादली शेणाच्या खड्ड्यात उपडी केली. कुणीतरी "अरे देवा" म्हणालं. बादली मी शेवटच्या थेंबापर्यंत झटकली.

रविवारी रोट झाले, पुरण झालं, आमटी झाली. खीर झाली नाही. शेजारचं दूध आणायला सासूबाईंनी शेवटपर्यंत नकार दिला. देवीपुढे नैवेद्य मांडला तेव्हा त्यांनी खिरीची वाटी मुद्दाम रिकामी ठेवली, ताटाच्या अगदी मधोमध, सगळ्यांना दिसेल अशी. मग हात जोडून, अख्खी भाऊबंदकी ऐकेल एवढ्या मोठ्याने त्यांनी माझी तक्रार केली.

"व माय कानबाई, औंदा तुले खीर नही. मन्ही सून नको म्हनस."

सगळे माझ्याकडे बघायला लागले. आदल्या संध्याकाळी आलेला नवरा ताटाकडे बघत होता. खाली मान घालून उभी राहिले असते तर तेवढ्यावर भागलं असतं. पण मला खाली बघण्यासारखं काही वाटत नव्हतं. मीही हात जोडले आणि तेवढ्याच मोठ्याने म्हटलं, "हो, कानबाई. मीच नको म्हटलं. पुन्हा वेळ आली तर पुन्हा म्हणेन."

पंगत बसली. माझी लेक पहिल्या ओळीत बसली होती. तिने शेजारच्या पोराच्या ताटातला रोट तोडला, स्वतःचा त्याला दिला, पुरणाने गाल बरबटवून घेतले. मला तिच्यावर नजर ठेवावी लागली नाही. त्या दिवशी मी जेवले ती पोटभर जेवले.

रात्री नवऱ्याने मोबाईल माझ्यापुढे ठेवला आणि ॲपमधला स्वतःचा नंबर काढून माझा टाकून दिला. सासूबाई दिवाळीपर्यंत माझ्याशी कामापुरतंच बोलल्या. मीही मनवायला गेले नाही.

या वर्षी श्रावण लागायच्या आधीच त्यांनी मला गोठ्यात गाठलं. इकडेतिकडे बघत विचारलं, "लाल शे का हिरवं?" हिरवं होतं, आणि खरोखर होतं. त्यांनी मान हलवली आणि गेल्या.

मग गहू घ्यायचा दिवस आला. सूप मधे ठेवून सासूबाई एकेकाच्या नावाने मूठ टाकत होत्या. सासरे, दीर, माझा नवरा, पुतणे. शेवटचं नाव झालं तशी मी पोत्यात हात घातला आणि लेकीचं नाव घेऊन मूठभर गहू सुपात टाकले.

गहू निवडणाऱ्या जाऊबाईंचा हात थांबला. सासूबाई म्हणाल्या, "पोरीस्ना नावनं नही टाकतस."

"खाते तर तीही," मी म्हटलं. "तिच्यासाठी भांडले, आता तिचे गहू पण मीच टाकणार."

मी वाट बघत होते की त्या ते गहू बाजूला काढतील. काढले असते तर मी पुन्हा टाकले असते. त्यांनी सुपाकडे बघितलं, मग माझ्याकडे. रागाच्या भरात मी एकच मूठ टाकली होती, वरची पाव मूठ राहून गेली होती. सासूबाईंनी पोत्यात हात घातला आणि ती त्यांनी टाकली.