तिसरा कौल

गेम बनवायला शिकायचं खूळ माझ्या डोक्यात शिरलं ते पस्तिशीत. भिसेगावातली आमची खोली, नवऱ्याचा जुना लॅपटॉप आणि फुकटचे व्हिडिओ. पहिल्या दिवशी हिरवीगार जमीन केली, वर एक माणूस उभा केला, आणि खेळ सुरू केला तर तो जमिनीतून आरपार खाली गेला. पडतच राहिला. जमीन नुसती दिसून भागत नाही म्हणे, ती टणक आहे हे वेगळं सांगावं लागतं. तेव्हा मी पोट धरून हसले. नंतर मात्र ते पडणं डोळ्यांसमोरून हलेना.

पुढं कळलं की नकाशावरून खराखुरा डोंगरसुद्धा आणता येतो. मी दुसरा कुठला आणणार? खालापूरच्या बाजूला आत्याच्या घरामागचा आणला. पायथ्याशी तिचं घर, अंगणातली तुळस, मागची जांभूळ हातानं मांडली. आई गेल्यावर आत्यानंच मला वाढवलं, त्या डोंगराची करवंदं खाऊन मी मोठी झाले. खेळ साधाच होता. वरून दगड गडगडत येणार, खेळणाऱ्यानं चुकवायचे. दगड कुठं जातील हे मी ठरवलं नव्हतं, उतारच ठरवत होता. आणि मेले सगळेच्या सगळे आत्याच्या अंगणात येऊन थांबले. दुसरीकडून सोडून पाहिले. तरी तिथंच.

माझ्या अंगावर काटा आला. वर प्लॉटवाल्यांनी रस्त्यासाठी जेसीबीनं डोंगराची कड कापली होती, आणि गेल्या पावसाळ्यात घरामागच्या जांभळीजवळ जमिनीला भेग पडली होती. साहेब लोक येऊन वाडीला बजावून गेले होते, नवा झरा फुटला, झाडं कलली, की घर सोडून निघा. पावसाळ्यापुरती तरी माझ्याकडं चल, म्हणून मी आत्याच्या मागं हात धुऊन लागले होते. तिचं एकच, "डोंगराला मी काय आजची ठाऊक हाय?"

मे संपता संपता लॅपटॉप घेऊन तिच्याकडं गेले. आत्या पडवीत पावसाळ्यासाठी सरपणाची फाटी रचत होती. म्हटलं, ये, बस, बघ. दगड सोडले. ते आले, अंगणात पडले. आत्यानं आपलं घर ओळखलं, तुळससुद्धा ओळखली. उठली, पाय धुऊन आली, डोक्यावर पदर घेऊन बसली.

"परत सोड."

परत सोडले. परत अंगणात. तिनं हात जोडले तेव्हा माझ्या लक्षात आलं, बाई कौल घेतेय! आमच्याकडं मोठं काही ठरवायचं तर गावदेवीच्या दगडाला ओल्या कळ्या चिकटवतात. उजवी पडली तर होकार, डावी पडली तर नकार. आत्याच्या घरात तीनदा लावतात आणि तिसरा खरा मानतात.

"हितं ऱ्हाऊ का इचारलं, दोनदा डावा दिला," ती हळूच म्हणाली. "तिसऱ्यांदा पण आले तर येते गं तुझ्याकडं. कोंबड्या पण आणीन."

मला आनंदानं काही सुचेना. एकदाचं कायमचं पटू दे हिला, म्हणून मी दगड वाढवले. थोडेथोडके नाहीत, आख्खा डोंगर दगडांनी भरला. सोडले. दगड निघाले, जांभळीपर्यंत आले आणि जागच्या जागी उभे राहिले. लॅपटॉपचा पंखा घरघरत होता, पडदा गोठला होता.

"थांबले," आत्या म्हणाली.

"थांबले नाहीत गं! लॅपटॉप हँग झालाय. जुना आहे, एवढे दगड झेपले नाहीत त्याला."

"मग त्याला अडवलं कुणी?"

"कुणी नाही! आत्या, मशीन आहे ते!"

"उजवा दिला," ती म्हणाली आणि लॅपटॉपला कुंकवाचं बोट लावलं.

"डोंबल तुझा उजवा!" मी ओरडले, रडले, पाया पडले, पुन्हा सुरू करून दाखवते म्हणाले. तिनं माझं मनगट घट्ट धरलं. मिळालेला कौल पुन्हा मागायचा नसतो, देवी कोपते. मला चहा दिला आणि ती फाटी रचायला गेली. माझा इतका संताप झाला की चहा तसाच टाकून निघाले.

घरी येऊन तो खेळ किती वेळा चालवला असेन देव जाणे. दगड कमी केले की ते बिनबोभाट अंगणात येतात.

पाऊस लागून चार दिवस झाले असतील, आत्याचा फोन आला. आवाजात नुसता आनंद. "अगं, देवी पावली! चुलीमागच्या भिंतीशी झराच फुटलाय. हापशीवर जायला नको आता."

"पाणी कसं आहे?"

"लाल हाय जरा. निवळंल."

"आत्या, आत्ताच्या आत्ता बाहेर पड! ऐकतेयस ना?" मी नवऱ्याला हाक मारली, गाडी काढ म्हटलं. ती आपली बोलतच होती.

"तू ये तर खरी. जांभूळ पण वाकलीय बघ, उभ्यानं हाताला लागतात आता जांभळं."